मनगटावरची गोटमार

जावयाने दिलेली वस्तू नको म्हणता येत नाही. एवढी एक अडचण नसती तर पुढचे सगळे टळले असते, असे भिवाजी गजभिये यांचे मत आहे, आणि भिवाजी मत बनवण्याची घाई करत नाहीत.

पांढुर्ण्याच्या गोवर्धन जिनिंगमध्ये, म्हणजे कापसातून सरकी काढण्याच्या कारखान्यात, ते टाइमकीपर होते. एकोणीस सीझन झाले होते. हजेरीच्या खिडकीशी बसायचे, कोण किती वाजता आला ते रजिस्टरात लिहायचे आणि दिवसातून चार वेळा भिंतीवरचा खटका ओढून भोंगा वाजवायचा, एवढे त्यांचे काम. सकाळी आठ, दुपारी बारा, एक आणि संध्याकाळी पाच. कागदोपत्री हा भोंगा जिनचा होता, पण व्यवहारात तो गावाचा होता. त्यावर बायका चुलीवरून भात उतरवत, दुकानदार जेवायला जात, आणि जाम नदीपलीकडे सावरगावात लोक भिंतीवरची घड्याळे पुढेमागे करत. एकोणीस वर्षांत भोंगा एकदाच चुकला होता, तोही वीज गेली म्हणून. भिवाजींनी त्याची नोंद तांबड्या शाईने करून ठेवली होती.

जिनच्या ऑफिसात भिंतीवर एक मोठे घड्याळ होते. रुईचे तंतू आत जाऊन ते मागेच बंद पडले होते, पण शेठजींच्या वडिलांनी आणलेले म्हणून काढता येत नव्हते. मॅनेजर भगवंतराव मनगटाला घड्याळ बांधत नसत. "वेळ सांगायला पगारी माणूस ठेवलाय, मग मी कशाला ओझं वाहू?" असे ते म्हणत. थोडक्यात, जिनमध्ये जी काही वेळ होती ती भिवाजींच्या डाव्या मनगटावर होती.

पंच्याऐंशी सालच्या दिवाळीच्या सुट्टीत मुलगी उर्मिला आणि जावई प्रकाश आले. प्रकाश परासियाकडे कोळसा खाणीत नोकरीला. उदार मनाचा मुलगा. त्याने सासऱ्याच्या मनगटाकडे पाहिले आणि हळहळला.

"मामाजी, हे काय चावीचं घड्याळ घालून राहिले तुमी? रोज पिळा अन् रोज लावा. हे घ्या. डिजिटल. नागपुरातून आणलं. यात गेमबी हाय."

"गेम कायले?"

"फुकटात येते मामाजी. वेगळे पैसे नाई पडत."

"फुकटातबी नको बावा. वेळ दिसली म्हणजे झालं."

प्रकाश हसला. सासरे विनोदी आहेत असा त्याचा पहिल्यापासून समज होता. जुने घड्याळ 'सर्व्हिसिंग करून आणतो' म्हणून खिशात टाकून तो परासियाला गेला आणि भिवाजी त्या काळ्या प्लॅस्टिकच्या वस्तूसोबत मागे राहिले.

वस्तूला चार बटणे होती. वेळ मोठ्या आकड्यांत दिसे आणि अगदी बरोबर चाले, हे भिवाजींनी रेडिओशी ताडून पाहिले. कुरकुर करायला जागा नव्हती. घोटाळा उजवीकडच्या खालच्या बटणात होता. ते दाबले की आकडे नाहीसे होत, टिर्र टिर्र असा आवाज येई आणि पडद्यावर एक काडीएवढा माणूस उभा राही. वरून त्याच्या डोक्यावर ठिपके पडू लागत. दोन बटणांनी त्याला डावीउजवीकडे पळवायचे, ठिपके चुकवायचे आणि कोपऱ्यातल्या झेंड्यापर्यंत न्यायचे. ठिपका चुकवला की एक गुण, झेंडा गाठला की पन्नास. तीनदा ठिपका लागला की खेळ संपून पडद्यावर फक्त गुणांचा आकडा उरे. या सगळ्याशी भिवाजींना कर्तव्य नव्हते. पण मनगट वाकवले की ते बटण हाताच्या पाठीला टेकून आपोआप दाबले जाई, आणि भोंग्याचा खटका मनगट वाकवल्याशिवाय ओढता येत नसे.

सोमवारी बाराला दोन मिनिटे कमी असताना भिवाजी उठले, खटक्याला हात घातला, आणि टिर्र. वेळ गेली. माणूस आला. त्याला घालवण्यासाठी त्यांनी एक बटण दाबले, तो पळाला. दुसरे दाबले, तो उलटा पळाला. शेवटी तेच खालचे बटण जोरात दाबले तेव्हा वेळ परत आली, पण ती एक वाजल्याची होती आणि आकडे उघडझाप करत होते. भिवाजींनी आयुष्यात प्रथमच अंदाजाने भोंगा वाजवला. शेजारच्या कवडूच्या घरच्या रेडिओवरून नंतर ठरले त्याप्रमाणे तेव्हा बारा वाजून सतरा मिनिटे झाली होती.

संध्याकाळी शेजारच्या इंदूबाई पातेले घेऊन दारात उभ्या.

"पाहा भाऊजी. तुमच्या भोंग्याच्या भरवशावर भात ठेवला होता. कोळसा झाला."

"वास नाई आला का बाई?"

"आला ना. पण मनलं भोंगा झाला नाई, म्हणजे भात कसा होईन?"

या विश्वासापुढे भिवाजींनी तांबडी शाई काढली.

खरी आपत्ती मात्र दुसऱ्या दिवशी आली. गुणवंता हा रुईच्या गाठी बांधणाऱ्या प्रेसवरचा मुकादम, सावरगावचा. सकाळी हजेरी लावायला खिडकीत वाकला, त्याच वेळी भिवाजींचे मनगट वाकले. गुणवंताने पडद्यावर पाहिले. खाली काडीचा माणूस, वरून पडणारे ठिपके, कोपऱ्यात झेंडा. पांढुर्ण्या-सावरगावच्या माणसाला हे काय आहे ते कोणी समजावून सांगावे लागत नाही. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी जाम नदीच्या पात्रात पळसाचे झाड रोवतात, त्यावर झेंडा असतो, आणि तो मिळवण्यासाठी दोन गावे समोरासमोर उभी राहून एकमेकांवर गोटे फेकतात. डोकी फुटतात, पोलीस येतात, आणि पुढच्या वर्षी पुन्हा पोळा येतो.

"अबे कवडू!" गुणवंता ओरडला. "इकडे ये बे! भाऊच्या घड्याळात गोटमार चालून राहिली!"

कवडू सरकी काढणाऱ्या यंत्रावर, रेच्यावर, कापूस टाकायला होता, पांढुर्ण्याचा, शिवाय भिवाजींचा शेजारी. तो आला, त्याने पाहिले आणि म्हणाला, "आपला गडी दिसते."

"तुमचा कसा? डावीकडून निघाला ना तो. डावा काठ सावरगावचा."

"नदीत तोंड कोणीकडे करून उभा हायेस त्याच्यावर हाय ते."

हा वाद दुपारपर्यंत संपायला हवा होता. तो पाच दिवस चालला. गडी कोणाचा हे खेळून ठरवायचे असे ठरले आणि सावरगावकर व पांढुर्णेकर आळीपाळीने हजेरीच्या खिडकीत हात घालू लागले. जो माणूस एकोणीस वर्षांत पाणी प्यायलाही खिडकीशी थांबला नव्हता, तो आता आपली हजेरी बरोबर लागली की नाही हे तीनतीनदा पाहायला येई. भिवाजी मनगट मांडीखाली घेऊन बसले. तेव्हा लोक त्यांची तब्येत विचारू लागले. "हात दुखते का भाऊ? दाखवा बरं, दाबून देतो."

गुणवंताने तीनशे बारा गुण केले. कवडूने तीनशे पंधरा. शनिवारी प्रेसवर गाठ बांधायला कोणीच नव्हते म्हणून भगवंतराव स्वतः शोधत आले, तेव्हा मुकादमासह सात माणसे खिडकीशी होती आणि भिवाजींचा हात खिडकीबाहेर होता, जसा काही तो त्यांचा नव्हेच.

"गजभिये," भगवंतराव म्हणाले, "ये क्या तमाशा है?"

"साहेब, गेम हाय. माह्या इच्छेविरुद्ध हाय."

"घड्याळ तुमचं ना?"

"घड्याळ माह्यं हाय. गेम माही नाई."

भगवंतरावांनी हा भेद ऐकून घेतला आणि निकाल दिला. सीझनच्या माणसांची पक्की यादी पुढच्या शनिवारी शेठजींकडे जायची होती. यादीत नाव आले तर मार्चपर्यंत काम, नाही तर घरी. तोपर्यंत घड्याळातला खेळ काढून टाकायचा. निघाला नाही, तर टाइमकीपरच्या खुर्चीवर मधुकर बसेल. मधुकर हा भगवंतरावांचा मेहुणा. त्याच्याकडे बीएची अर्धी पदवी आणि एक पूर्ण ऑटोमॅटिक घड्याळ होते.

"शनिवारी दुपारी बाराच्या आधी येऊन मी स्वतः घड्याळ पाहणार," भगवंतराव म्हणाले. "वेळ दिसली पाहिजे. दुसरं काही दिसलं नाही पाहिजे."

घरी बायकोला, सुशीलाबाईंना, हे सांगितल्यावर त्या म्हणाल्या, "जावई काय म्हणतीन?" म्हणजे घड्याळ टाकून देण्याचा मार्ग बंद झाला. नवे घ्यायचे तर सीझनचा पहिला पगार अजून व्हायचा होता. उरला खेळ काढण्याचा मार्ग, आणि तो माहीत नसलेला एकही माणूस मोहल्ल्यात नव्हता.

कवडू म्हणाला, सेल काढून रात्रभर ठेवा, खेळ भुकेने मरतो. सेल काढला. सकाळी खेळ ताजातवाना होता, वेळ मात्र बाराला जाऊन बसली होती. इंदूबाईंचे म्हणणे, गव्हाच्या कोठीत दाबून ठेवा, नको ते ओढून घेते. गव्हाने काही ओढले नाही. कोठीतून टिर्र आवाज आला तेव्हा आत उंदीर आहे समजून इंदूबाईंनी काठी आणली, आणि घड्याळ थोडक्यात वाचले. सुशीलाबाईंनी घड्याळ कोपराजवळ बांधण्याची सूचना केली. एक दिवस भिवाजींनी तेही केले. प्रत्येक वेळी वेळ पाहायला सदऱ्याची बाही खांद्यापर्यंत सरकवावी लागे आणि समोरचा माणूस भांडण होणार म्हणून मागे सरके.

शेवटी भिवाजींनी विचार केला की ज्याने घातला त्यानेच काढावा. घड्याळ कंपनीला परत पाठवायचे ठरवून ते डाकघरात गेले. मध्य प्रदेशात सरकारी काम हिंदीतून असल्याने त्यांनी वाक्य घरूनच तयार करून नेले होते.

"यह घड़ी कंपनी को भेजनी है। खेल निकालकर वापस चाहिए।"

"कौन सी कंपनी?" बाबूने विचारले.

"जिसने बनाई।"

"पता?"

भिवाजींनी घड्याळ उलटे केले. पाठीवर फक्त हाँगकाँग एवढे कोरलेले होते. बाबूने ते वाचले आणि शांतपणे म्हणाला, "पता अधूरा है।" मग त्याने विदेशी पार्सलचे फॉर्म काढले. त्यात मालाचे वर्णन, किंमत, कुठून खरेदी केला आणि बिलाचा क्रमांक असे रकाने होते.

"बिल तो नहीं है।"

"विदेशी माल, और बिल नहीं?"

रांगेत मागे उभा असलेला एक गृहस्थ मान पुढे काढून म्हणाला, "कस्टमचोरीचा माल हाय का भाऊ?" आवाज मोठा होता. रांग वळून पाहू लागली. भिवाजींनी आयुष्यात रेल्वेचे तिकीटसुद्धा दोनदा तपासून घेतले होते. ते फॉर्म काउंटरवर सरळ लावून, पेन दोरीला लटकवून, कोणाकडे न पाहता बाहेर आले. चौकापर्यंत त्यांचे कान गरम होते.

गुरुवारी जिनला सुट्टी. सौंसरला बसस्टँडच्या समोर हिरामण नावाचा घड्याळसाज बसतो आणि तो डिजिटलही उघडतो, असे कळले होते. भिवाजी दुपारच्या बसने निघाले. बसमध्ये त्यांच्याकडून एक गोष्ट घडली, ती त्यांनी कोणाला सांगितली नाही. ज्या गोष्टीमुळे आपली खुर्ची चाललीय ती नेमकी आहे तरी काय, एवढे जाणून घ्यावे म्हणून त्यांनी ते बटण स्वतः दाबले. पहिल्या डावात गडी चार गुणांवर पडला. चार हा आकडा भिवाजींना अपुरा वाटला. दुसऱ्यांदा एकवीस. माणसाने घाई केली नाही तर ठिपके एका ठरावीक लयीत पडतात, हे त्यांच्या ध्यानात आले. लय म्हणजे त्यांचा विषय.

"बाबूजी," कंडक्टर म्हणाला, "कहाँ उतरना है?"

"सौंसर."

"सौंसर तो कब का गया। यह लोधीखेड़ा है।"

पडद्यावर दोनशे चौदा होते. भिवाजी उतरले. परतीच्या बसला तासभर होता. सौंसरला पोचले तेव्हा पावणेपाच झाले होते, पांढुर्ण्याची शेवटची बस पाच वीसची होती आणि हिरामण दुकानाची फळी लावत होता.

"उद्या या."

"उद्या ड्यूटी हाय. टाइमकीपर हावो मी."

हिरामणने धंद्यातल्या माणसाचा मान म्हणून फळी पुन्हा काढली. भिंग डोळ्याला लावून घड्याळ उघडले, पाहिले, मिटले.

"भाऊ, खेळ अन् वेळ एकाच पत्त्यावर राहतात. एकाले काढलं तं दुसरा घर सोडते."

"मंग?"

"खेळाचं दार बंद करता येते. कोणत्या बटणानं सुरू होते ते दाखवा. ते बटण लाख भरून पक्कं करतो. दाबलंच नाई जात म्हणजे खेळ येते कुठून?"

इतका साधा उपाय ऐकून भिवाजींना आठवडाभरात प्रथमच बरे वाटले. त्यांनी बटण दाखवले. दाखवण्यासाठी ते दाबले. टिर्र वाजून गडी उभा राहिला.

"हे बटण," भिवाजी म्हणाले.

"हे ना? पक्कं?"

"पक्कं."

बाहेर बसने हॉर्न दिला. हिरामणने लाख तापवली, बटण आत दाबून फटीत भरली, फुंकर मारली. आता हे बटण जन्मात हलणार नाही, अशी त्याने ग्वाही दिली. ही ग्वाही शेवटपर्यंत खरी राहिली. भिवाजी पळत जाऊन बसमध्ये बसले, श्वास घेतला आणि किती वाजले ते पाहिले. पडद्यावर गडी गोटे चुकवत नव्हता, कारण त्याला पळवणारे कोणी नव्हते. तीन गोटे लागून तो पडला आणि शून्य हा आकडा उरला.

हिरामणने खेळात शिरण्याचे आणि तेथून निघण्याचेही एकमेव दार बंद केले होते, आणि त्या वेळी घड्याळ खेळाच्या आत होते. घड्याळात आता खेळच राहिला होता.

घरी कवडूने सुईने लाख कोरून पाहिली. लाखेबरोबर बटणाचा एक तुकडाच निघाला, बाकीचे आतच दाबलेले राहिले; सेल काढून घातला तरी गडीच उभा राही. शनिवारपर्यंत सौंसरला पुन्हा जाण्याइतकी सवड नव्हती.

शुक्रवारी भिवाजींनी घरातले गजराचे घड्याळ काढले. पितळी, दोन घंटांचे, पावशेर वजनाच्या वर. ते डब्याच्या पिशवीत भाकर आणि ठेच्याच्या मध्ये बसवले. सुशीलाबाई पाहत होत्या.

"आता घड्याळ खासान का?"

"आजच्या दिवस जाऊ दे."

भोंग्याच्या वेळी भिवाजी पिशवीत डोकावत आणि खटका ओढत. चारही भोंगे मिनिटाला मिनिट झाले. अडचण आवाजाची होती. त्या वर्षी दिल्लीकडे ट्रान्झिस्टरमध्ये बॉम्ब निघाल्यापासून बेवारस ट्रान्झिस्टरला हात लावू नका अशा सूचना सगळीकडे चालू होत्या, आणि फाटकावरच्या चौकीदाराने टिकटिक करणाऱ्या पिशवीपासून पाच पावले लांब उभे राहून विचारले, "गजभियेबाबू, इसमें क्या है?" भिवाजींनी "भाजी" असे उत्तर दिले. चौकीदाराने विचार करून त्यांना आत सोडले, पण पिशवी हातात घेतली नाही.

पण शनिवारी साहेब मनगट पाहणार होते, पिशवी नव्हे. सकाळी भिवाजींनी गुणवंता आणि कवडूला सगळे सांगितले. दोघांना वाईट वाटले. त्यांच्याच गोटमारीपायी भाऊची खुर्ची चालली होती. मग गुणवंता म्हणाला, "गडी पडला का आकडा राहते ना पडद्यावर?"

"राहते. बटण दाबेपर्यंत."

"साहेब येतीन बाराच्या आगेमागे. अकराशे पंचावन, छप्पन असा कायतरी आकडा पाडला तं? साहेबाले वेळच दिसन."

भिवाजींनी या सूचनेला नकार द्यायला हवा होता. त्यांनी मान हलवली ती होकाराची होती, हे त्यांनाही नंतर कळले.

साडेदहाला गुणवंता हजेरीच्या खोलीत दाराआड बसला. कवडू दारावर पहारा. गुणवंताचा हात बसला होता. झेंड्यामागून झेंडे पडत गेले. तीनशे, सातशे, नऊशे पन्नास. अकराशे झाले तेव्हा पिशवीत अकरा चाळीस झाले होते. अकराशे चाळीस गुणांवर कवडू आत डोकावला. "साहेब ऑफिसातून निघाले."

"अकराशे पंचावनला थांब," भिवाजी म्हणाले. "मंग तीन गोटे लागू दे."

गुणवंताने मान वर केली. "लागू देऊ? मुद्दाम?"

"हो ना."

"भाऊ, सावरगावचा माणूस गोट्यासमोर मुद्दाम उभा नाई राहत. तेबी पांढुर्ण्यावाल्याच्या डोळ्यांदेखत."

"पाह्य बे गुणवंता, मी तोंड फिरवतो," कवडू दारातून म्हणाला आणि त्याने खरेच तोंड फिरवले. पण गुणवंताच्याने होईना. त्याचा अंगठा गड्याला वाचवतच राहिला. अकराशे त्रेपन्न. चोपन्न. पावले जवळ आली. सत्तावन्न झाले. शेवटी भिवाजींनी घड्याळ त्याच्या हातातून घेतले, मनगटावर बांधले आणि दोन्ही हात बाजूला केले. तीन गोटे आले. गडी पडला. गुणवंताने डोळे मिटून घेतले होते.

पडद्यावर ११५७ उरले.

भगवंतराव आत आले. मागे शिपाई सीझनची यादी घेऊन. गुणवंता आणि कवडू हजेरी दाखवून निघून गेल्यासारखे निघून गेले. भगवंतरावांनी भिवाजींचे मनगट धरून डोळ्यांजवळ नेले.

"अकरा सत्तावन्न. वा! खेळ कुठे?"

भिवाजींनी लाख भरलेले बटण दाखवले. भगवंतरावांनी ते दाबून पाहिले. काही झाले नाही. ते खूश झाले, पेनचे टोपण काढले, यादी हातात घेतली आणि थांबले.

"असं करू गजभिये. मी बसतो. तीन मिनिटं तर राहिली. बाराचा भोंगा माझ्यासमोर होऊ दे, मग सही करतो."

ते खुर्चीवर बसले. खोलीत फक्त पिशवीची टिकटिक होती. भगवंतराव इकडच्या तिकडच्या गोष्टी बोलले. सरकीचा भाव, शेठजींची शुगर. मग भिवाजींचे मनगट पाहिले. अकरा सत्तावन्न. आणखी बोलले. पुन्हा पाहिले. अकरा सत्तावन्न.

"आज मिनिटं मोठी आहेत," ते म्हणाले.

भिवाजींनी डबा सरकवल्यासारखे करून पिशवीत पाहिले. ठेच्याच्या पलीकडे पितळी काटा बाराच्या अलीकडे अर्ध्या घरावर होता. साहेब मनगट पाहून बसले होते, आणि मनगटावर बारा कधीच वाजणार नव्हते. भोंगा थांबवला तर सहीची आशा तरी होती. वाजवला तर सगळे उघडे. बाहेर रेच्यांचा आवाज चालू होता, आणि इंदूबाईंच्या चुलीवर भात असणार. भिवाजींना आठवडाभराचा शीण एकदम जाणवला. सेल, गहू, कोपर, हाँगकाँग, लोधीखेडा. आता एक खोटे मिनिट आणखी वाहून नेण्याची त्यांच्यात ताकद नव्हती.

ते उठले आणि त्यांनी खटका ओढला. भोंगा गावभर गेला. रेचे थांबले.

"अरे! अरे गजभिये! तीन मिनिटं बाकी आहेत!"

भोंगा पूर्ण होईपर्यंत भिवाजींनी खटका सोडला नाही. मग वळून म्हणाले, "साहेब, ती वेळ नोये. ते गुण हायेत."

"कसले गुण?"

"गोटे चुकवले त्याचे. गेम निघाली नाई, वेळच निघाली. खरी वेळ इथं हाय." त्यांनी पिशवीतून गजराचे घड्याळ काढून टेबलावर ठेवले. एका घंटेला ठेचा लागला होता.

भगवंतरावांनी पितळी घड्याळाकडे पाहिले, मनगटाकडे पाहिले आणि दारातून हाक मारली, "मधुकर! तुझ्या घड्याळात किती?"

मधुकर खुर्चीच्या आशेने सकाळीच आला होता आणि आता बाहेर जेवायला निघाला होता. तो प्रामाणिक होता, त्याला दुसरे काही सुचत नसे. "बारा वाजून एक मिनिट झालं, भाऊजी. भोंगा एकदम परफेक्ट होता."

खोटा आकडा दाखवून सही मागणारा आणि सही हातात येत असताना भोंगा वाजवणारा माणूस एकच कसा, हे भगवंतरावांना उलगडत नसावे. मग त्यांनी यादीवर सही केली. टाइमकीपर, भिवाजी गजभिये. पुढच्या शेऱ्याच्या रकान्यात त्यांनी लिहिले: 'मनगटी घड्याळ ऑफिसात जमा. टेबल घड्याळ कारखान्यात कायम राहील.'

"ते सोडा इकडे," त्यांनी हात पुढे केला. मनगटी घड्याळ हातात घेताना त्यांचा अंगठा कुठल्या तरी बटणावर पडला. टिर्र झाले. गडी उभा राहिला. भगवंतराव पांढुर्ण्याचेच. पहिला गोटा आला तेव्हा त्यांनी अंगठा हलवला, आणि मग यादी काखेत मारून, मान न वर करता, चालत चालत ऑफिसाकडे गेले. उंबऱ्याला ठेच लागली तरी थांबले नाहीत.

पाचला भिवाजींनी भोंगा वाजवला, पितळी घड्याळाला चावी दिली, ते टेबलाच्या मध्यावर सरळ ठेवले आणि रिकामी पिशवी घेऊन घरी आले. नाव यादीत आले हे सांगितले. सुशीलाबाईंनी चहा ठेवला. मग पिशवी उलटी करून झटकली.

"घड्याळ कुठं हाय?"

"कंपनीत जमा झालं. साहेबाची ऑर्डर हाय."

"अन् सकाळी नळ येते त्याचं काय? रांगेत नंबर लावा लागते मले."

भिवाजी दमले होते. तरी त्यांनी नेहमीच्या नेमकेपणाने उत्तर दिले, "नळ साडेपाचले येते."

"ते मलेबी मालूम हाय," सुशीलाबाई म्हणाल्या. "साडेपाच कवा वाजते ते सांगा."